वेम्ब्लीला न खेळलेला गॉर्डन हेग

गॉर्डन हेग हॅगथॉर्प गावाच्या रग्बी संघाकडून अकरा मोसम खेळला. तीनशे सहा सामने. त्यातला एकही गावाला धड आठवत नाही. गावाला आठवतो तो तीनशे सातवा, आणि तो गॉर्डन खेळलाच नाही.

माणसाचं नाव कशाने होईल याचा काही नेम नाही. कुणाचं काही करून होतं, गॉर्डनचं न करून झालं. आणि असं झालं की क्लबात त्याच्याआधी आणि त्याच्यानंतर जे खरोखर खेळले, नाकं मोडून घेतली, चषकाच्या अंतिम सामन्यापर्यंत पोचले, त्यांची नावं पुसली गेली आणि याचं राहिलं. यात गॉर्डनचा दोष किती आणि गावाचा किती, हे मी सांगत बसणार नाही. घडलं ते सांगतो.

तो हुकर होता, नऊ नंबरचा. स्क्रममध्ये दोन्ही बाजूंचे सहा-सहा जण खांद्याला खांदा लावून, डोकी खाली घालून एकमेकांना भिडतात. मधल्या फटीत चेंडू टाकला की दोन हुकर तो पायाने आपल्या बाजूला ओढतात. सगळ्या खेळात याहून घाणेरडं काम नाही. हुकरचे दोन्ही हात दोन्हीकडच्या प्रॉपच्या, म्हणजे त्याला पेलणाऱ्या गड्यांच्या, खांद्यांवर अडकलेले. तो मधे जवळजवळ लटकलेलाच असतो. समोरून ठोसा आला तर हात वर करायची सोय नाही. म्हणून प्रॉप असा लागतो की जो तुझं वजन पेलेल आणि तुझ्या वाटचा ठोसाही परत करेल.

गॉर्डनच्या डाव्या हाताला नऊ वर्षं वॉल्ट क्रॅबट्री होता. दोघं एकाच खाणीत, एकाच पाळीला. सकाळी कोळसा, मंगळवारी-गुरुवारी संध्याकाळी सराव, शनिवारी सामना. वॉल्टच्या सासऱ्याचं भाजीचं दुकान होतं आणि दुकानाची हिरवी व्हॅन वॉल्टकडे असे. सरावाहून दोघं त्याच व्हॅनमधून परत येत. मागे कोबीचा वास, पुढे यांच्या शिव्या. वॉल्टची बायको बेरिल म्हणायची, "माझ्याशी लग्न केलंस, पण संसार त्या गॉर्डनशी करतोयस." वॉल्ट म्हणायचा, "तो निदान स्वयंपाकाची तक्रार ऐकवत नाही."

त्या वर्षी हॅगथॉर्प चषकाच्या उपांत्य सामन्यापर्यंत पोचलं. सामना ब्रॅडफर्डला होता. उत्तरार्धात पंधरा मिनिटं झाली असतील, गॉर्डनचा उजवा गुडघा चिखलात फिरला. तो उठला, चालला, पळाल्यासारखंही केलं. पण पुढच्या स्क्रमला वॉल्टच्या खांद्याला कळलं.

"काय रे, काय झालं?" खाली डोकी घातलेली असतानाच वॉल्टने विचारलं.

"काही नाही."

"काही नाही तर एवढा जड का झालास?"

"तू म्हातारा झालायस म्हणून."

वॉल्टने पुढची पंचवीस मिनिटं दर स्क्रमला त्याला अक्षरशः उचलून धरलं. हॅगथॉर्प तीन गुणांनी जिंकलं. चाळीस वर्षांत पहिल्यांदा गाव अंतिम सामन्याला लंडनच्या वेम्ब्ली मैदानावर जाणार होतं. त्या संध्याकाळी चर्चच्या पायऱ्यांवर बसून म्हाताऱ्या माणसांनी बिअर प्यायली आणि पाद्री काही बोलले नाहीत.

आता इथे आमच्याकडची एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही. हॅगथॉर्पमध्ये खेळाडूने आपलं दुखणं सांगायची पद्धत नाही. दर गुरुवारी सराव संपला की कोच सगळ्यांना ओळीत उभं करायचे आणि एकेकाला विचारायचे, "ठीक?" आणि प्रत्येकाने म्हणायचं, "ठीक." एकाचा जबडा मोडला होता, त्याला बोलता येईना, तर त्याने मान हलवली, आणि ती ठीक धरली गेली. कोच मिस्टर टिंडलना सगळं कळत असे. ते विचारायचे ते उत्तरासाठी नाही. दुसरी गोष्ट याहून कडक होती. सोबत्याचं दुखणं तुला ठाऊक असेल तर ते कोचपर्यंत जाता कामा नये. जो नेईल तो चुगलखोर. आणि खाणीच्या गावात चुगलखोराची जागा संप फोडणाऱ्याच्या शेजारी. त्याला कुणी मारत नाही. त्याला नुसतं वाळीत टाकतात, आणि परत घेण्याची काही तजवीज आमच्याकडे नाही.

अंतिम सामन्याला तीन आठवडे होते. क्लबचे डॉक्टर गुपचूप गॉर्डनच्या घरी आले, गुडघ्यातलं पाणी काढलं, आणि म्हणाले, "बधिर करायची सुई देऊन सामन्याची ऐंशी मिनिटं निघतील. पुढचं मला विचारू नकोस."

म्हणजे खेळता आलं असतं. हे नीट लक्षात ठेवा. गॉर्डनने याआधी बरगड्यांत सुई घेऊन सामने काढले होते, खांद्यात घेऊन काढले होते. गुडघा ही सबब होती. खरं दुखणं पोटात होतं.

समोरचा संघ लँकशरचा होता आणि त्यांचा हुकर होता रेग फेअरक्लफ. तीन वर्षांपूर्वी एका हिवाळ्यात फेअरक्लफने गॉर्डनला त्याच्याच मैदानावर असं धुतलं होतं की वीस स्क्रमपैकी सतरा चेंडू तिकडे गेले. दर वेळी चेंडू निसटला की फेअरक्लफ खालून म्हणायचा, "धन्यवाद हां, राजा." स्वतःच्याच गावाने त्या दिवशी शिट्या मारून गॉर्डनची हुर्यो उडवली. सोमवारी बसच्या रांगेत एका बाईने त्याच्या आईला विचारलं, "तुमच्या गॉर्डनला डोळ्यांनी नीट दिसतं ना हो?" आई घरी येऊन काही बोलली नाही, पण तिने ते त्याच्या बहिणीला सांगितलं आणि बहिणीने त्याला. माणूस ठोसे विसरतो. असलं विसरत नाही.

आता तेच नव्वद हजार लोकांसमोर. दोन्ही पाय धड असताना जो त्याला नाचवून गेला, तो बधिर पायावर काय करील? आणि मग सगळं गाव जन्मभर म्हणेल, गॉर्डन हेगने चषक घालवला. हा विचार एकदा डोक्यात शिरला तो निघेना. वेम्ब्लीसाठी सगळ्या संघाच्या सुटांची मापं घ्यायला शिंपी क्लबात आला, सगळे खिदळत उभे होते, आणि गॉर्डन मनात ते सतरा चेंडू मोजत होता.

सामन्याच्या आधीचा गुरुवार. मे महिना, संध्याकाळचं लख्ख ऊन. सराव झाला, ओळ लागली.

"ठीक?"

"ठीक," गॉर्डन म्हणाला. चांगलं खणखणीत म्हणाला.

परत येताना व्हॅनमध्ये त्याने वॉल्टला सांगितलं, "टिंडलच्या घरापाशी जरा थांबव."

"कशाला?"

"सुईचं बोलायचंय. कधी देणार, किती देणार."

वॉल्टने व्हॅन फाटकाशी लावली आणि उतरून सिगरेट ओढत उभा राहिला. गॉर्डन मागच्या दाराने आत गेला. टिंडल जेवायला बसले होते. बैलाच्या जिभेचे थंड काप, लाल बीट, पाव.

"मला घेऊ नका," गॉर्डन म्हणाला.

टिंडलनी सुरी खाली ठेवली. "डॉक्टर म्हणतात निघेल."

"डॉक्टर खेळणार नाहीयेत."

टिंडल स्वतः चौदा वर्षं खेळलेले. त्यांनी काट्याने आधी गॉर्डनच्या गुडघ्याकडे खूण केली आणि मग त्याच्या पोटाकडे. "हे की हे?"

गॉर्डनने नजर ताटातल्या बीटवर नेली. तेच उत्तर झालं.

"बरं," टिंडल म्हणाले. "प्रॉक्टरला घेतो. भित्रा माणूस मधे लटकवून मी सामना खेळणार नाही."

"मी आलो होतो हे कुणाला सांगू नका."

"मग काय सांगू? गुडघा स्वप्नात आला?"

"म्हणा, मला कळलं."

दोन शब्द. ते गॉर्डनने स्वतः घडवून टिंडलच्या तोंडात दिले, हे तो पुढे कधी विसरू शकला नाही.

बाहेर आल्यावर वॉल्ट म्हणाला, "काय, किती सुया?"

"मला काढलं."

वॉल्टने सिगरेट टाकली. ती बुटाखाली चिरडली. नऊ वर्षं ज्याचा श्वास आपल्या कानाशी असतो त्याचं खोटं कळायला वेळ लागत नाही. "काढलं, की तू काढून घेतलंस?"

तेव्हा गॉर्डन रडला. भर उजेडात, भाजीच्या व्हॅनमध्ये बसून रडला. म्हणाला, "मला नाही जमणार, वॉल्ट. तो मला परत उघडा पाडेल." आणि मग, "कुणाला बोलू नकोस."

"मी कधी कुणाला काय बोललो?" वॉल्ट म्हणाला आणि त्याने व्हॅन चालू केली.

शुक्रवारी सकाळी निघण्याआधी क्लबात यादी लागली. नऊ नंबरपुढे कॉलिन प्रॉक्टर, राखीव संघातला, पहिल्या संघाचे एकूण सहा सामने खेळलेला. सगळे थक्क. टिंडल म्हणाले, "हेगचा गुडघा गेलाय. मला कळलं." आणि निघून गेले. दिलेला शब्द त्यांनी पाळला. पुढच्या वर्षी ते दुसऱ्या क्लबात गेले, आणि मेले तोवर याविषयी बोलले नाहीत.

गॉर्डनने बादलीला लाथ मारली. दुखऱ्या पायाने मारली, म्हणजे बघणाऱ्याला राग खरा वाटावा. कुणीतरी म्हणालं, "कळलं म्हणजे? कुणी सांगितलं?" गॉर्डनने मान वर केली, आणि नकळत, किंवा कळून, ते त्याचं त्याला माहीत, त्याची नजर वॉल्टवर गेली आणि तिथे राहिली.

बस्स. पुढचं काम गावाने केलं. टिंडलच्या समोर राहणाऱ्या लिली पिकर्सगिलने गुरुवारी संध्याकाळी हिरवी व्हॅन फाटकाशी पाहिली होती आणि शेजारी वॉल्ट क्रॅबट्री सिगरेट ओढत उभा. एकटा.

सामना हॅगथॉर्प दहा-आठ हरलं. एकवीस स्क्रम झाले, सोळा चेंडू फेअरक्लफने नेले. बिचारा प्रॉक्टर. वॉल्ट त्या दिवशी जसा खेळला तसा जन्मात खेळला नव्हता; नाक मोडलं, भुवई फाटली, तरी हटला नाही. पण परत येताना संघ उघड्या बसमधून गावात शिरला तेव्हा लोक एकच नाव घेत होते. "गॉर्डन! गॉर्डन!" त्याला पुढे ढकललं. नवा सूट घातलेला, एक ओरखडा नसलेला गॉर्डन हेग बसच्या टोकाशी उभा राहिला आणि गावाने त्याला डोक्यावर घेतलं. तो असता तर चषक आपला होता, हे त्या रस्त्यावर ठरलं आणि तेव्हापासून हॅगथॉर्पमध्ये यावर दुमत नाही.

आता गंमत बघा. तो खेळला असता तर बहुधा एकवीसपैकी सतरा गेलेच असते. न खेळल्यामुळे त्याच्या नावावर सगळे एकवीस जमा झाले.

आठवड्याभरात व्हॅनवर पांढऱ्या रंगात 'चुगलखोर' लिहिलेलं निघालं. वॉल्टने सगळी व्हॅन तपकिरी रंगवली. मग लोक तपकिरी व्हॅनमधून भाजी घेईनासे झाले. पुढच्या मोसमात, गॉर्डन गुडघ्यापायी खेळ सोडून बसल्यावर, नवीन हुकरने त्याच्या खांद्यावर हात टाकायला नकार दिला. "याच्या कानाशी तोंड न्यायला मला भीती वाटते," म्हणाला, आणि सगळे हसले. वॉल्ट राखीव संघात गेला, मग घरी. खाणीत डबा खायच्या वेळेला तो बसला की त्याच्या दोन्ही बाजूंना हातभर जागा रिकामी राहायची. बेरिल दुकानात गेली की बोलणं थांबायचं.

वॉल्टने एक शब्द काढला असता तर सुटला असता. पण सोबत्याचं सांगायचं नाही, हे तो पाळत होता. जे केलं म्हणून गावाने त्याला वाळीत टाकलं, तेच न करण्यापायी तो वाळीत राहिला. याला काय म्हणायचं ते तुम्हीच ठरवा. मला तर संताप येतो.

आणि गॉर्डन? त्याने ठरवलं होतं की पुढचा मोसम सुरू झाला की सांगू. मोसम सुरू झाला. मग नाताळनंतर सांगू. एकदा तो वॉल्टच्या मळ्यावर गेला. रेल्वेमागच्या पट्टीत वॉल्टने रुबार्ब लावला होता, चार कोंबड्या होत्या. गॉर्डन आजूबाजूला बघून आत शिरला.

"मी सांगणार आहे, वॉल्ट. सगळ्यांना."

"मला कशाला सांगतोस? मला माहीत आहे."

"जरा हवा निवळू दे."

वॉल्ट खुरप्याने माती उकरत होता. "हे बघ गड्या, मी तुला 'सांग' म्हणणार नाही आणि 'नको' पण म्हणणार नाही. ते तुझं तू बघ. फक्त इथे येऊन मला सांगत जाऊ नकोस. कोंबड्या घाबरतात."

गॉर्डन हसला. वॉल्ट हसला नाही. तेव्हापासून रस्त्यावर कुणी नसेल तर गॉर्डन त्याला "काय वॉल्ट" म्हणायचा, आणि कुणी असेल तर नाही.

मोठा संप आला. वर्षभर खाण बंद. वॉल्ट पहिल्या दिवसापासून शेवटच्या दिवसापर्यंत खाणीच्या फाटकावर उभा होता, एक दिवस चुकला नाही. दुपारी संपाच्या लंगरात बटाटे सोलायचा. तिथेही एक जण मोठ्याने म्हणाला, "याच्यासमोर काही बोलू नका रे, मॅनेजरच्या घरी चहाला जातो हा." गॉर्डन सूप वाढत होता. डाव हातात धरून त्याने सगळं ऐकलं आणि मूग गिळून पुढच्याच्या ताटलीत सूप ओतलं. वॉल्टने त्याच्याकडे पाहिलंसुद्धा नाही, बटाटा सोलत राहिला.

खाण गेली. गॉर्डनला शाळेत रखवालदाराची नोकरी मिळाली. हेडमास्तर क्लबचे होते. वॉल्टला कुणी ठेवलं नाही, तो रोज दोन बस बदलून लीड्सला गोदामात जायचा. खेळाचे नियम बदलले, स्क्रम नावापुरता उरला, हुकरचं कसब कुणाला नको झालं. तरी दर मे महिन्यात अंतिम सामन्याच्या आठवड्यात जिल्ह्याच्या पेपरचा माणूस गॉर्डनकडे यायचा. वेम्ब्ली हुकली त्याचं काय वाटतं? गॉर्डन म्हणायचा, "असतं एखाद्याचं नशीब." वॉल्टबद्दल कधी वाईट बोलला नाही. "झालं गेलं," एवढंच म्हणायचा. लोक म्हणायचे, काय मन आहे. त्याला क्लबचा अध्यक्ष केला. त्याची बायको एव्हरिल ती कात्रणं वहीत चिकटवायची. तिलाही त्याने सांगितलं नव्हतं.

बेचाळीस वर्षांनी वॉल्ट छातीच्या दुखण्याने गेला. कोळशाची धूळ, आमच्याकडचं नेहमीचं. अंत्यविधीच्या दोन दिवस आधी बेरिल गॉर्डनच्या दारात आली. आत ये म्हटलं तर आली नाही.

"त्याने मला गेल्या मंगळवारी सांगितलं," ती म्हणाली. "इस्पितळात. म्हणाला, आता निदान तुला माहीत असू दे."

गॉर्डनने दाराची चौकट धरली.

"मी त्याच्याशी इतकी वर्षं एका घरात राहिले, गॉर्डन. त्याचे मोजे धुतले. आणि मनात म्हणत होते, गेला असेल बोलून. विचारलं की म्हणायचा, सोड. मी पण त्याला चुगलखोरच धरून चालले." तिचा आवाज चढला नाही. "तुझ्यामुळे मी नवऱ्यावर विश्वास ठेवला नाही. आता तू सांगायचंस. त्याला पुरून आल्यावर क्लबात चहा आहे, तिथे. सगळ्यांसमोर."

"सांगतो."

"आज नको, उद्या नको. परवा. मी बघत असेन."

गॉर्डनने दोन दिवस काही खाल्लं नाही. आणि हे त्याच्या बाजूने सांगायलाच हवं की या वेळी त्याने शेपूट घातलं नाही.

चहाला पंचवीस-तीस माणसं होती. वॉल्टसाठी कोण येतंय. अध्यक्ष येणार म्हणून कमिटी आली होती, आणि जुन्या संघातले उरलेले चौघं. हॅमचे सँडविच, डुकराचं मांस भरलेली पेस्ट्री, कांद्याचं लोणचं. बेरिल खिडकीपाशी एकटी बसली होती, कोट न काढता. गॉर्डन उभा राहिला. कुणीतरी चमच्याने कप वाजवला.

"मला वॉल्टबद्दल बोलायचंय," तो म्हणाला. "वॉल्टने माझी चुगली केली नाही. त्या गुरुवारी टिंडलकडे मी गेलो होतो. मी म्हणालो, मला घेऊ नका. डॉक्टर म्हणाले होते खेळता येईल. मला खेळायचं नव्हतं. मला फेअरक्लफची भीती वाटली. वॉल्ट बाहेर उभा होता, मला घरी न्यायला. त्याला सगळं माहीत होतं आणि त्याने कुणाला सांगितलं नाही. एवढंच."

गॉर्डन वाट बघत होता. शिव्या येतील, कप येईल, कुणी थुंकेल. बेचाळीस वर्षं तो ज्याला घाबरला ते आता येऊन एकदाचं होऊन जाईल.

हॉरेस लमली उठला. जुना प्रॉप, उजव्या बाजूचा, आता दोन काठ्यांवर चालणारा. त्याच्या डोळ्यांत पाणी होतं.

"बस खाली, गॉर्डन," तो म्हणाला. "बस बाबा. आम्हाला माहीत आहे तू काय करतोयस. माणूस गेला, त्याची लाज झाकायला स्वतःच्या अंगावर घेतोयस. तुझ्यासारखा तूच."

"अरे हॉरेस, खरं सांगतोय मी."

"हो, हो. खरंच आहे."

"मी गेलो होतो. मागच्या दाराने."

"लिलीने व्हॅन पाहिली होती की. एकटा वॉल्ट होता," मागून एक बाई हळूच म्हणाली. दुसरी तिला म्हणाली, "असू दे गं. बेरिलसाठी बोलतोय तो. किती चांगला माणूस आहे."

"आणि गॉर्डन हेग कुणाला घाबरला म्हणे," कोणीतरी म्हणालं, आणि मायेने हसू पसरलं. मग एकाने टाळ्या वाजवल्या. मग सगळ्यांनी. एव्हरिलने त्याचा हात घट्ट धरला. ती रडत होती आणि तिला त्याचा फार अभिमान वाटत होता.

गॉर्डनने अजून एकदा तोंड उघडलं. टिंडल मेले होते, डॉक्टर मेले होते, आणि तिसरा साक्षीदार आज सकाळीच पुरला होता. त्याने तोंड मिटलं. सगळ्यात वाईट म्हणजे, त्याला सुटल्यासारखं वाटलं. फार नाही, पण वाटलं, आणि वाटलं हे त्याला कळलं.

बेरिल उठून त्याच्यापाशी आली. लोक टाळ्या थांबवून बाजूला झाले. त्यांना वाटलं ती आभार मानणार.

"तेव्हा बोलला असतास तर शिव्या मिळाल्या असत्या," ती म्हणाली. "आता टाळ्या मिळाल्या. त्याच्या मयताचा चहा, आणि तोही तुझाच झाला."

तिने पर्स काखेत घेतली आणि दाराकडे गेली. तिला पोचवायला कुणी उठलं नाही. गॉर्डन तिच्यामागे निघाला, पण वाटेत हात मिळवायला माणसं उभी होती, आणि तो एकेकाचा हात हातात घेत राहिला.